दिव्याचं बटण

होर्नयाक ओर्शोल्या. आमच्यात आडनाव आधी येतं.
पडद्यावर तिचं नाव येईपर्यंत
लोक कोट चढवून दाराशी पोचलेले असायचे.

मी तिचा सुतार. एकतीस वर्षं.
पॅरिस बांधलं सात वेळा, मॉस्को चार वेळा,
एकदा ब्युनोस आयर्स, त्यात ताडाची झाडं फायबरची.
बुडापेस्टच्या जानेवारीत त्यांच्या झावळ्यांवर बर्फ बसायचा,
तो झटकायला एक पोरगा ठेवला होता रोजंदारीवर.
आमचं शहर कोणाचंही होऊ शकायचं,
म्हणून तर भाड्यानं जायचं. स्वस्तात.
पिवळी ट्राम तेवढी फ्रेमबाहेर ठेवायची.

नवं घर नवं दिसलं की ती चिडायची.
"इथं कोणी राहिलेलंच नाही, कालमान,"
आणि चहाच्या चोथ्यानं स्वतः भिंत पुसायला बसायची.
दाराच्या मुठीभोवती तळव्याएवढा ओशट डाग.
खुर्चीची पाठ घासते तिथं उडालेला रंग.
कॅलेंडर काढलं की मागे
भिंतीचा न विटलेला चौकोन.
माणूस बोलतो ते लेखकाचं, म्हणायची,
माणूस टेकतो ते आपलं.

योझेफ्व्हारोशमधली एक भिंत आठवते.
प्रेमकथा होती, म्हणून छपन्न सालची गोळ्यांची भोकं
आम्ही लांबी भरून बुजवली, वर गुलाबी रंग फासला.
दोन वर्षांनी युद्धपट आला. दिग्दर्शक परदेशी.
इथं गोळ्या झाडल्यासारखं करा, म्हणाला.
मी छिन्नी काढली.
ती म्हणाली, नवी पाडू नकोस, आपलीच लांबी उकर.
उकरली. त्यानं लांबून पाहिलं, जवळून पाहिलं.
"खरी वाटत नाहीत."
तिनं मान डोलावली फक्त.
मग आम्ही त्याला हवी तशी पाडून दिली,
एका रांगेत.

शेवटच्या कामात होतं एक स्वयंपाकघर.
एकसष्ट साल, गरीब. पटकथेत एवढंच.
एरवी ती संग्रहालयं पालथी घालायची,
अनोळखी लोकांचे अल्बम मागून आणायची.
या वेळी एका बैठकीत काढून दिलं, मापांसकट.
ओटा इतका खाली का, मी विचारलं.
"ती बुटकी होती."
कोण, ते मी विचारलं नाही.

चित्रीकरणाच्या आदल्या संध्याकाळी तिचा भाऊ आला ग्यॉरहून,
बेंदेगूझ, ताडमाड, हातात औषधांची पिशवी.
सेटवर काळोख होता. त्यानं आत पाऊल टाकलं
आणि न बघता, थोडं वाकून,
डावा हात कमरेच्या उंचीवर नेला.
कोऱ्या प्लायवुडवर चाचपडत राहिला.
बटण उजवीकडे होतं, खांद्याच्या रेषेत,
तिनं काढून दिलं होतं तिथंच.

"बाबांनी खाली आणलं होतं," तो म्हणाला,
"आपला हात पोचावा म्हणून. विसरलीस?"

ती बराच वेळ त्या कोऱ्या जागेकडे बघत होती.
एकतीस वर्षांत तिला चुकलेलं मी पाहिलं नव्हतं.
मग म्हणाली, कालमान, हलव.

सातला कॅमेरा लागणार होता. आणि ती भिंत तर
एकाही शॉटमध्ये नव्हती. मी तसं सांगितलं.
"माहितीये."

रात्रीचा दीड वाजला. वायर ओढली, खरी,
छताला चाळीसचा बल्ब टांगला.
भावानं दाबलं. लागला.
तिनं विझवला. त्यानं परत लावला.
दोघं साठीच्या पुढची माणसं,
मी औजारं गोळा करत राहिलो, उगाच सावकाश.

चौथ्या दिवशी सेट मोडला.
काळं बेकेलाइटचं ते बटण माझ्या शेडमध्ये आहे,
खिळ्यांच्या डब्यात. ती न्यायला आली नाही,
मी द्यायला गेलो नाही.

चित्रपटात ते स्वयंपाकघर अकरा सेकंद दिसतं.
दिवा आधीपासून लावलेला आहे.